‘परवा’ नदीच्या नोंदी: एक जुनं दार, दोन पंप आणि तीन वेळा तोच किल्ला

दिवाळीच्या किल्ल्याऐवजी वाहती नदी करायचं कुणाच्या मनात असेल तर आधी हे वाचा. निदान एक पंप वाचेल.

२ ऑक्टोबर २०२५, दसरा

आपट्याची पानं वाटून झाली आणि भाचीनं विषय काढला. “मामा, यंदा किल्ला नको. नदी करू. काळातून वाहणारी.”

आमची सोसायटी सिंहगड रस्त्यावर. दर दिवाळीला अंगणात सात-आठ किल्ले होतात आणि त्यातले निम्मे सिंहगड असतात. त्यामुळे मला कल्पना आवडली. या नदीचा देश तिच्या डोक्यात तयारच होता. तिथे पाणी उद्याच्या डोंगरात उगम पावतं, आजच्या गावातून जातं आणि खाली होऊन गेलेल्या दिवसांच्या डोहात पडतं. मी म्हटलं, उलटं हवं ना? नदी भूतकाळातून भविष्याकडे जाईल. ती म्हणाली, “उद्या आपल्याकडे येतो ना? मग आज होतो, मग काल होतो. म्हणजे पाणी वरूनच आलं.” यावर मला काही बोलता आलं नाही.

नाव आईनं सुचवलं. ती वाती वळत होती, मान वर न करता म्हणाली, “परवा ठेवा. गेलेला तोही परवा, येणारा तोही परवाच.”

आता अडचण स्पर्धेची. तिचं नावच ‘किल्ले स्पर्धा’, म्हणजे किल्ला हवाच. भाचीचा तोडगा असा की किल्ला एकच, पण तीन ठिकाणी. वर उद्याच्या काठावर फक्त फक्कीनं आखलेला पाया आणि दगडांचा ढीग, मध्ये उभा किल्ला, खाली पडका बुरूज आणि त्यावर माजलेलं गवत. खर्चाची मर्यादा ₹१०००. मुदत वसुबारसेपर्यंत, म्हणजे १५ दिवस.

४ ऑक्टोबर

माळ्यावर जुनं फ्लश दार पडलं होतं, साडेसहा फूट बाय अडीच. वरचं टोक दोन फूट उंच विटांवर, खालचं एक फुटावर, त्याखाली १५ लिटरचा टब. दार लाकडी आहे, त्यामुळे आधी जाड प्लास्टिक अंथरलं. एवढी एकच गोष्ट आम्ही पहिल्या फटक्यात बरोबर केली.

नदीचं पात्र पीओपीचं करायचं ठरवलं. स्वस्त, हलकं, हातात लगेच आकार घेतं. पहिला घाणा दहा-बारा मिनिटांत घट्ट झाला, ठीक. दुसरा पाच मिनिटांतच दगड. कालवणारी काठी त्यात उभी राहिली. कारण साधं आहे: बादली धुतली नव्हती. जुन्या पीओपीचे कण तळाशी राहिले की नवा माल झपाट्यानं आवळतो. दर घाण्याला बादली खरवडून धुवा, किंवा रबराचं घमेलं घ्या. ते दाबलं की आतलं सगळं सुटून येतं.

५ ऑक्टोबर

मग्यानं पाणी सोडून पाहिलं. दिसायला झकास. दोन तासांनी टबातलं पाणी दुधासारखं पांढरं आणि पात्रात नख रुततंय.

पीओपी वाळला की पक्का झाला, असा माझा समज होता. तो पाणी पितो, मऊ पडतो आणि वाहत्या पाण्यात थोडा थोडा विरघळतो. वरून रंगाचे दोन हात दिले तरी एका पापुद्र्यातून पाणी आत शिरतंच. कोरड्या डोंगराला पीओपी चालेल, पाण्याखाली नाही. पाच किलो माल आणि एक अख्खा रविवार गेला. भाचीनं तुकडे फेकू दिले नाहीत, पडक्या बुरुजासाठी ठेवले. पुढे सगळ्यात खरा तोच बुरूज दिसला.

७ ऑक्टोबर

पांढरं सिमेंट एक भाग, चाळलेली वाळू दोन भाग, पाण्यात वॉटरप्रूफिंगचं लिक्विड. सुतळीनं नदीचं वळण आखून घेतलं आणि अर्धा इंच जाडीचं पात्र थापलं. हातमोजे घाला. मी घातले नाहीत, रात्री बोटांची सालं निघाली.

वर ओलं गोणपाट टाकलंय. चार दिवस हात लावायचा नाही. (हे गोणपाट लक्षात ठेवा.)

९ ऑक्टोबर

सिमेंट पिकेपर्यंत खरेदी. पंप बुधवार पेठेतून: १८ वॉटचा, कूलरमध्ये असतो तसला. खोक्यावर १.८ मीटर लिहिलेलं असतं. याचा अर्थ पंप सहा फुटांवर भरभरून पाणी देतो असा नाही, सहा फुटांवर तो काहीच देत नाही. आपल्याला जेवढं चढवायचं त्याच्या निदान दुप्पट आकडा बघून घ्या. आम्हाला दोन फूट चढवायचं होतं, म्हणून हा पुरला.

मावळे कसबा पेठेतल्या कुंभारवाड्यातून. गंमत म्हणून एकाच साच्यातले तीन घेतले: एक कच्चा, न भाजलेला, एक रंगवलेला, आणि एक रंगवून मी पॉलिश पेपरनं घासून उडवलेला. तोच माणूस उद्या, आज आणि काल. बाकी सहा साधे.

हिरवळीवर मात्र मी खूश आहे, कारण ही युक्ती माझी. काळ दाखवायला रंगापेक्षा अहळीव बरा. तळातल्या काठावर आजच पेरला. मधल्या काठावर १२ ला मोहरी, वरच्या काठावर १५ ला पुन्हा अहळीव. म्हणजे १७ तारखेला खाली उंच होऊन लोळलेलं गवत, मध्ये दोन पानांचे कोंब आणि वर नुसते फुटलेले दाणे. एकाच दिवशी तीन वयं.

११ ऑक्टोबर

पहिलं पाणी. पंप सुरू केला आणि घोर निराशा. पाणी म्हणजे पात्राच्या मधोमध बोटभर रुंदीची एक दोरी, सरळ खाली धावतेय. नदी कसली, गच्चीच्या टाकीचा ओव्हरफ्लो.

तळमजल्यावरचे काका खुर्ची घेऊन आले. ते खडकवासल्याच्या केंद्रीय जल व विद्युत संशोधन केंद्रातून निवृत्त झाले आहेत. १९१६ पासूनची संस्था. धरणं, बंदरं, नद्या यांची मॉडेलं बांधून त्यात पाणी सोडून बघणं हे तिथलं कामच. काकांनी आमची नदी पाच मिनिटं पाहिली आणि म्हणाले, “अहो, उतार मोडा. पाण्याला थांबायला जागा द्या.”

मग सलग उतार फोडून पाच पायऱ्या केल्या. प्रत्येक पायरी म्हणजे सपाट डोह आणि पुढे कडा. पाणी डोहात साठतं, रुंद होतं, मग पुढे सांडतं. फोडण्यात तीन तास, पुन्हा थापण्यात दोन. हे पहिल्याच दिवशी केलं असतं तर सिमेंट अर्धं लागलं असतं.

१२ ऑक्टोबर

नवं सिमेंट जेमतेम एक दिवसाचं, तरी धीर धरवला नाही. डोह छान भरले, पण कडेवरून पाणी खाली पडेना. कडेला चिकटून, खालच्या बाजूनं मागे वळून भिंतीवरून ओघळत होतं. किटलीतून चहा ओतताना तोटीखालून ओघळ येतो ना, तसंच. उपाय दोन लागले. तेलाच्या डब्याचा पत्रा कापून त्याची धारदार ओठाळी प्रत्येक कडेला बसवली, आणि ओठाळीच्या खालच्या अंगाला मेणबत्ती घासली. मेणाला पाणी धरत नाही, त्यामुळे सुटून पडलं. पाचही धबधबे लागले तेव्हा भाची ओरडली आणि तिसऱ्या मजल्यावरून कुणीतरी “हळू!” म्हणालं.

मधल्या काठावर ठरल्याप्रमाणे मोहरी पेरली. मग मी एक आगाऊपणा केला: पाण्यात नीळ टाकली. आई गॅलरीतून खाली बघत होती. “नदी निळी कुठे असते रे? आमच्या पुराचं पाणी चहासारखं होतं.”

तिचा पूर म्हणजे १२ जुलै १९६१. बांधकाम चालू असलेलं पानशेतचं धरण फुटलं, मागोमाग खडकवासल्याचं, आणि मुठा पेठांमध्ये शिरली. ती तेव्हा दहा वर्षांची, नारायण पेठेत. पाण्याबद्दल ती फार बोलत नाही, नंतरच्या चिखलाबद्दल बोलते. कपाटाचा खण ओढला की आतून चिखलाची वीट निघायची, खणाच्याच आकाराची. घरातल्या भिंतीवर पाण्याची रेघ राहिली होती आणि दरवर्षी चुना दिला तरी ती पुन्हा वर यायची.

निळीनं दोन मावळ्यांचे पाय निळे झाले आणि पांढऱ्या सिमेंटला कायमचा डाग पडला. पाणी रंगवू नका, तळ रंगवा. मध्यभागी गडद तपकिरी, काठाकडे फिकट होत जाणारी माती. स्वच्छ पाणी वरून गेलं की खोली आपोआप दिसते. आईनं ब्रश मागितला आणि खालच्या पडक्या भिंतीवर एक आडवी रेघ काढली. कुणी काही विचारलं नाही.

१३ ऑक्टोबर

सकाळी सहाला खाली गेलो तर टब कोरडा, पंप गरम आणि गप्प. रात्री बंद करायचा राहिला होता. पंप पाण्याशिवाय चालला की आतून जळतो. ₹२८० गेले.

पण १५ लिटर पाणी गेलं कुठे? टबाला भोक नाही, पात्राला तडा नाही, दाराखालच्या फरशीवर मात्र ओल. तासभर मेणबत्तीच्या उजेडात एकेक कड तपासली. बॅटरी असताना मेणबत्ती का, ते विचारू नका, तीच हाताशी होती. भाचीनं काठाची माती उकरली आणि आतून ते गोणपाट निघालं. सिमेंटवर टाकलं होतं तेच. काठाची माती पसरताना त्याचं एक टोक आत दाबलं गेलं आणि दुसरं दाराच्या कडेवरून खाली लोंबत राहिलं. समईची वात तेल चढवते तसं गोणपाटानं रात्रभर पाणी चढवून बाहेर टपकवलं. थेंब थेंब, पण सलग दहा तास.

गळती शोधताना आधी भोक शोधू नका. कडेवरून बाहेर लोंबणारं काहीही शोधा: कापड, दोरा, शेवाळ, गवताची मुळी.

१४ ऑक्टोबर

पाऊस. ताडपत्री बांधली. काम शून्य.

१५ ऑक्टोबर

नवा पंप. त्याला टबाच्या अगदी तळाशी बसवलं. वायरीला बोर्डाच्या खाली मुद्दाम झोळ दिला, म्हणजे वायरीवरून ओघळलेलं पाणी झोळातून खाली टपकेल, प्लगात जाणार नाही. सोसायटीच्या ज्या बोर्डाला जोडायचं तिथे विजेची गळती पकडणारा ब्रेकर आहे की नाही हे इलेक्ट्रिशियनला विचारून घ्या. लहान मुलं या पाण्यात हात घालणारच.

दुसरी भानगड नळीची. टबातलं पाणी उगमापर्यंत नेणारी नळी दिसू नये म्हणून डोंगराच्या पोटातून फिरवली होती. उगमापाशी जेमतेम धार. एक लिटरची बाटली लावून मोजलं: नळी मोकळी सरळ धरली तर ११ सेकंदांत भरते, डोंगरातून नेली तर ३८. दोन ठिकाणी नळी मुडपली होती. डोंगर फोडायचा की नळी बाहेर ठेवायची?

मी फोडायला निघालो होतो. भाची म्हणाली, “राहू दे ना दिसायला. नाही तर परवात पाणी परत वर कसं जातं ते लोकांना कळणार कसं?” तिच्या देशात आता नळीला जागा मिळाली आहे. कालच्या डोहातलं पाणी तिच्यातून उद्याच्या डोंगरात जातं. त्या वाटेनं जायला बंदी आहे, फक्त पाण्याला परवानगी. नळी काठाकाठानं सरळ नेली, नुसती मातकट रंगवली. अर्ध्या तासाचं काम.

वरच्या काठावर अहळीव पेरला.

१६ ऑक्टोबर

दुपारी धबधबे एकेक करून बंद पडले. पंप उघडला तर जाळी बुळबुळीत गोळ्यानं बंद. अहळीव भिजला की त्याला चिकट आवरण सुटतं, खिरीत बघितलंच असेल. काल पेरलेला बराचसा पाण्याच्या शिंतोड्यांनी वाहून खाली आला होता. पंप उघडून टूथब्रशनं साफ केला आणि भोवती जुना पायमोजा चढवला. वरच्या काठावर पुन्हा पेरायला वेळ नव्हता. तिथे मोजून सात-आठ दाणे राहिले, ते तसेच ठेवले.

याच धांदलीत कच्चा मावळा डोहात पडला. काढेपर्यंत ढाल आणि उजवा हात विरघळून गेला होता. भाचीला रडू येईल वाटलं, पण तिनं त्याला दगडांच्या ढिगाशेजारी उभं केलं. “तो अजून पूर्ण झालेला नाही.”

१७ ऑक्टोबर, वसुबारस

चालू. सकाळी सात ते दहा, संध्याकाळी सहा ते नऊ.

पाण्याला साबणाचे थेंब टाकले तर ते जास्त पातळ, नदीसारखं वाहतं, असं मी कुठेतरी ऐकलं होतं. टाकले. पाच धबधब्यांनी त्याचा असा फेस केला की उद्याच्या डोंगरावर बर्फ पडलं. पाणी तीनदा बदललं. हे करू नका.

परीक्षकांपैकी एकानं विचारलं, “किल्ला कुठला?” भाची म्हणाली, “तिन्ही एकच आहे.” त्यांनी वहीत काहीतरी लिहिलं.

१९ ऑक्टोबर

व्हिडिओ काढला तर सगळी मजा गेली. डोळ्यांना बरी वाटणारी नदी फोनवर मोरीसारखी दिसत होती, पाणी फार घाईत. पुन्हा काका. त्यांनी मावळा पट्टीनं मोजला: साडेसहा सेंटीमीटर. खऱ्या माणसाच्या साधारण पंचविसावा भाग. “लांबी पंचवीसपट लहान केलीत, तर वेळ पंचवीसच्या वर्गमुळानं लहान होते. पाचपट. तिचं एक मिनिट म्हणजे खऱ्या नदीची पाच मिनिटं. आम्ही पुराचे तास असेच मोजायचो.”

भाची त्यांच्याकडे बघतच राहिली. नदीचं घड्याळ वेगळं चालतं हे तिनं आधीच ठरवून ठेवलं होतं, पण ते असं भागाकारात निघेल हे तिला माहीत नव्हतं. त्यांच्याकडून तिनं वर्गमूळ तिथेच, फरशीवर खडूनं शिकून घेतलं.

करायचं एवढंच: फोन सेकंदाला १२० फ्रेमवर ठेवा आणि एडिटिंगमध्ये वेग एक-पंचमांश करा. पाण्याला एकदम वजन आलं. धबधबा कोसळतो, नुसता सांडत नाही. शूटिंग दिवसाउजेडीच करा. दिव्यांच्या माळा डोळ्यांना स्थिर दिसतात, पण स्लो मोशनमध्ये लुकलुकतात आणि सगळं चित्र फडफडतं.

२१ ऑक्टोबर, लक्ष्मीपूजन

कुणीतरी डोहात पणती सोडली. उलटली. तेलाचा तवंग, पायमोजा तेलकट, पुन्हा सगळं पाणी बदललं. एक तास.

२६ ऑक्टोबर

मोडलं. बक्षीस नाही. ‘उत्तेजनार्थ’ म्हणून एक कंपासपेटी.

खर्च: पंप दोन ₹५६०, नळी ₹९०, पीओपी ₹१००, पांढरं सिमेंट ₹१६०, वॉटरप्रूफिंग ₹२१०, लाल माती दोन पोती ₹१६०, मावळे नऊ ₹२७०, रंग ₹१८०, अहळीव-मोहरी ₹७०. एकूण ₹१८००. त्यातले ₹३८० निव्वळ माझ्या चुकांचे, म्हणजे एक पंप आणि सगळा पीओपी. नीळ आणि साबण घरचाच. वेळ मोजला नाही, मोजायची हिंमतही नाही.

टब लगेच उपसून कोरडा केला. देखावा ठेवणार असाल तरी आठवड्याच्या आत पाणी बदला, डासांची अंडी नळीतसुद्धा राहतात. सिमेंटचं पात्र दारापासून सुटलं नाही. दार तसंच जिन्याखाली उभं आहे, नदीसकट. वॉचमन विचारून गेला, त्यात कोथिंबीर लावली तर चालेल का.

पंप धुऊन, पुसून, वायर गुंडाळून फराळाच्या रिकाम्या डब्यात ठेवला. डब्यावर भाचीनं चिकटपट्टी लावून लिहिलं, ‘परवा लागेल’. आईनं ते वाचलं आणि डबा वरच्या फळीवर न ठेवता खालच्या फळीवर, हाताशी ठेवला.